तीन मिनिटं

डॉक्टर एदुविना चिग्वाय नाडी मोजायच्या
घड्याळाशिवाय.
माझ्या लाँचचं इंजिन ठोके द्यायचं,
त्यावर त्या हिशेब बसवायच्या :
"ओनोफ्रे, वेग बदलू नकोस,
या म्हातारीचं हृदय आत्ता तुझ्या हातात आहे."

अकरा वर्षं मी त्यांचा तांडेल.
मंगळवारी आपियाओ, गुरुवारी आलाओ,
आणि वारा उत्तरेचा झाला की कुठलंच बेट नाही.
लसींची पेटी त्या मांडीवर दाबून धरायच्या,
बाजारातून आणलेली कोंबडी धरतात तशी.
फी म्हणून जांभळे बटाटे यायचे,
कधी धुरावर सुकवलेल्या शिंपल्यांची माळ.

एका ऑगस्टात आलाओला
रोसाउराचं मूल आलं ते निळं, आणि गप्प.
मी कंदील धरून उभा.
त्यांनी तोंडाला तोंड लावलं, छातीवर दोन बोटं,
आणि मला म्हणाल्या, मोज.
मी आकडे विसरलो.
खाली धक्क्यावर इंजिन चालूच होतं,
त्याच्यामागून चालत गेलो आंधळ्यासारखा.
तीन मिनिटांनी ते असं रडलं
की गोठ्यातल्या मेंढ्या उठून उभ्या राहिल्या.
भिंतीला टेकून बाई म्हणाल्या,
"तीन मिनिटं फार लांब असतात.
लोकांना ठाऊक नसतं."

रोसाउराच्या बहिणीच्या वेळी मात्र
रक्त थांबेना.
कास्त्रोचं इस्पितळ चार तासांवर.
साडेतीन तास आम्ही घाईत होतो.

त्याच वर्षी त्या निवडणुकीला उभ्या राहिल्या.
फलकांवरचा चेहरा पावसानं पंधरा दिवसांत पुसला,
आणि ज्यांची नाळ त्यांनी कापली होती
त्यांतल्या एकालाही अजून मत नव्हतं.
तरी आल्या निवडून.
वालपाराइसोहून पत्र आलं :
"इथे सगळे तोंड उघडतात, ओनोफ्रे,
पण जीभ कोणी दाखवत नाही."

त्यांच्या विधेयकाच्या दिवशी
चुलीभोवती आम्ही बाविसजण, मध्ये रेडिओ.
बेटांसाठी रात्रीचं हेलिकॉप्टर, रक्ताचा फ्रीज,
एवढंच मागणं.
अध्यक्ष म्हणाले, सन्माननीय सदस्या, तीन मिनिटं.
आणि मग काहीच नाही.
मी रेडिओला थापट मारली.
सेल काढून पुन्हा घातले.
कुणीतरी खोकलं, ते रेडिओच्या आत.
तेव्हा कळलं, त्या उभ्या आहेत आणि बोलत नाहीत.
रोसाउरानं मुलाचं मनगट पकडलं.
एवढ्या माणसांत एक श्वास ऐकू आला नाही
घंटा वाजेपर्यंत.

सात मतं कमी पडली.

पुढल्या साली ती सात मतं मिळाली.
कुठून, ते पत्रात नव्हतं,
पण आमच्या खाडीत सामनचे पिंजरे आले,
गोल, काळे, ओळीनं,
आणि माझे खेकडे कुठे गेले ते मला विचारू नका.
हेलिकॉप्टरही आलं, खोटं का बोलू.
ते आलं म्हणून लाँच बंद झाली.
मी आता पिंजऱ्यांवर रात्रपाळीचा राखणदार,
पगार वेळेवर असतो.

दोन मुदती संपवून बाई परवा आल्या.
केस पांढरे, बुटांवर शहराचं पॉलिश.
माते उकळत होतं. नळी एकच,
त्यांनी ओढली, मी ओढली.
डोक्यावरून हेलिकॉप्टर गेलं, कुणाकडे तरी.
दोघांनी वर पाहिलं, उगाच.

मग त्यांनी माझं मनगट मागितलं.
इंजिन नव्हतं. घड्याळ त्यांच्या हाताला होतं,
सोन्याचं, संसदेनं दिलेलं,
ते त्यांनी पाहिलं नाही.
"रागावलास का माझ्यावर?"

मी म्हटलं,
मोजा.